निकाल माहीत असलेला वाचक

सुलतानपूरच्या स्टँडसमोरच्या हॉटेलात पेपर कधी अख्खा सापडत नाही. सकाळी येतो तेव्हा त्याची घडी कडक असते. पहिल्या चहापर्यंत त्याची पानं सुटी होतात आणि टेबलाटेबलावर वाटली जातात. पहिलं पान म्हाताऱ्यांकडे, बाजारभावाचं पान ज्याच्या घरात अजून सोयाबीन पडून आहे त्याच्याकडे. निधनवार्तांचं पान सगळ्यांच्या हातून एकेकदा फिरतं. खेळाचं पान पोरांकडे जातं आणि ते परत येतं तेव्हा त्याची दशा झालेली असते. बशीचे दोन-तीन गोल, भज्यांच्या तेलाचे डाग. डागाच्या जागी कागद पारदर्शक होऊन मागच्या पानावरची जाहिरात पुढच्या मजकुरात उतरलेली. गावात सगळ्यात जास्त वाचलं जाणारं पान कोणतं, हे त्याच्या अंगावरूनच कळतं.

आता खेळाचा निकाल पेपरातून कळण्याचे दिवस गेले. रात्रीची मॅच या पोरांनी मोबाइलवर पाहिलेली असते, कुणाच्या किती धावा हे तोंडपाठ असतं. तरी ते पान मागतात. परवा एकाने शेजारच्याला हटकलं, "मॅच तं राती पाह्यली ना तू, मंग आता काय वाचून राह्यला?" तो मान वर न करता म्हणाला, "पाह्यली तं हाय. पण यानं काय लिहेल हाय, ते तं पाहू दे."

खेळावर स्तंभ लिहिणाऱ्या माणसाचा सगळा संसार या वाक्यातल्या ‘पण’वर उभा आहे. बातमीदाराला घाई असते, निकाल पोचवायचा असतो. स्तंभलेखकाला माहीत असतं की आपला वाचक निकाल घेऊनच आपल्याकडे येणार. उत्कंठा संपलेली, कौतुक करून झालेलं, शिव्या देऊन झालेल्या. त्यानंतर जे उरतं त्याच्यावर त्याला लिहायचं असतं. आणि आठवड्यामागून आठवडे, वर्षामागून वर्षं तेच. मला हे काम फार मोठं वाटत आलं आहे.

आमचं गाव नागपूर-जालना रस्त्यावर. एका अंगाला मेहकर, दुसऱ्या अंगाला सिंदखेडराजा, आणि लोणारचा फाटा इथूनच फुटतो. जगभरातून लोक लोणारचं सरोवर बघायला येतात, त्यातले कितीतरी आमच्या गावावरून जातात. इथे उतरलाच कुणी तर गाडी बदलायला. पेपरही असेच वाटेवरून यायचे. अकोल्या-नागपूरचे त्या मानाने वेळेत. मुंबईचा पेपर मात्र कुणी येणाऱ्या-जाणाऱ्याने पिशवीतून आणला तर. तो हातात पडेपर्यंत कसोटीचा आणखी एखादा दिवस खेळून झालेला असायचा आणि रेडिओने ते केव्हाच सांगितलेलं असायचं. बाळ ज. पंडितांचं मराठी समालोचन ज्यांनी ऐकलं आहे त्यांना ठाऊक आहे, डोळ्यांसमोर मैदान उभं करायला त्या आवाजाला दुसरं काही लागत नसे. म्हणजे आम्ही पहिल्यापासूनच निकाल माहीत असलेले वाचक. शिळा पेपर आम्ही ताज्या भुकेने वाचत होतो, आणि त्यातलं जे शिळं होत नसे ते कोणतं हे नकळत शिकत होतो.

गावात एक मास्तर होते. खेळाचे लेख कापून ते एका जुन्या खतावणीत चिकटवत. खतावणी कुण्या बंद पडलेल्या दुकानाची होती; लाल कापडी पाठ, लांबट पानं, त्यांवर आधीच्या मालकाच्या हातचं जमा-नावे. गव्हाच्या पिठाची खळ शिजवायची, कसर लागू नये म्हणून तिच्यात चिमूटभर मोरचूद टाकायचं. त्या मोरचुदाने खळीला हिरवट निळी झाक यायची आणि वाळल्यावर लेखांच्या कडांना तसलीच किनार उमटायची. लेख चिकटवायच्या आधी मास्तर तो मोठ्याने वाचत. काही लेख वाचून बाजूला ठेवत. "यात नुसता स्कोअर आहे," म्हणत, "स्कोअर रेडिओने सांगितला." चिकटवायचा की नाही हे ठरवायची त्यांची कसोटी एवढीच होती, आणि लेखनाबद्दल इतकी सोपी, इतकी कठोर कसोटी मला पुढे कुठल्या वर्गात कुणी शिकवली नाही. खतावणीतल्या काही पानांवर लेखाची रुंदी कमी पडायची. तिथे शेजारच्या मोकळ्या जागेत तुरीचे, गुळाचे जुने आकडे दिसत राहायचे. कुणाची तरी उधारी आणि गावस्करांचं शतक एकाच पानावर.

त्या खतावणीत वि. वि. करमरकरांचे बरेच लेख होते. ‘महाराष्ट्र टाइम्स’ १९६२ साली निघाला आणि करमरकर त्याचं क्रीडा दालन सांभाळू लागले. मराठी दैनिकात खेळाला रोजचं, हक्काचं पान असावं ही गोष्ट आज इतकी स्वाभाविक वाटते की ती कधीकाळी कुणाला तरी भांडून मिळवावी लागली असेल हे ध्यानात येत नाही. त्याआधी खेळाची बातमी जागा उरली तर लागायची. करमरकरांनी जागा मिळवली, आणि ती मिळवल्यावर नुसत्या क्रिकेटला बहाल केली नाही. कबड्डी, खो-खो, कुस्ती, मल्लखांब यांना त्या पानावर मानाने बसवलं. संघटनांमधल्या खुर्च्यांवर, क्रीडा धोरणावर, मैदानांवर टपून बसलेल्यांवर लिहिलं. त्यांचं वाक्य सजलेलं नसे. मास्तरांना ते आवडायचं. "हा माणूस हिशोब मागतो," असं ते म्हणायचे, आणि खतावणीत तो लेख बसायचाही नेमका.

संझगिरींची जात वेगळी. द्वारकानाथ संझगिरी मुंबई महापालिकेत अभियंता. दिवसा पालिकेची नोकरी, उरलेल्या वेळात क्रिकेट. मराठी स्तंभलेखकाच्या आयुष्याबद्दल ही एक गोष्ट सांगितलीच पाहिजे: स्तंभावर त्याचं घर चालत नाही. मानधनात महिन्याचा किराणा येईलच असं नाही. म्हणून तो कुठे अभियंता असतो, कुठे बँकेत असतो, कुठे प्राध्यापक. रजा साठवतो आणि दौऱ्यावर जातो. मला यात करुण काही वाटत नाही. उलट असं वाटतं की ऑफिसात दिवसभर फायली हाताळून आलेल्या माणसाला, सात तास दुकानात उभं राहून आलेल्या वाचकाची संध्याकाळ कळते. संझगिरींच्या लेखात फलंदाज एकटा कधी येत नसे. त्याच्यामागून दादर यायचं, जुनं हिंदी गाणं यायचं, लंडनच्या रस्त्यावरचा पाऊस यायचा, कुठल्या तरी शहरात खाल्लेला मासा यायचा. लॉर्ड्स मैदान कसं आहे हे आमच्यापैकी कुणाला माहीत असणार? पण त्या मैदानाच्या उताराची आमच्या गावातल्या पोरांना इतकी माहिती होती की आमच्याच शाळेच्या मैदानाच्या उताराशी त्याची तुलना चालायची.

ऐंशीच्या दशकात ‘एकच षटकार’ नावाचं पाक्षिक निघालं. क्रिकेटपटू संदीप पाटील संपादक, संझगिरी कार्यकारी संपादक. खेळाला वाहिलेलं मराठी पाक्षिक आणि त्याची वाट पाहणारा वाचक, हे त्या काळात घडलं. १९८३च्या विश्वचषकाने देशाला जे वेड लावलं त्याला मराठीत घर हवं होतं, ते या पाक्षिकाने दिलं. आमच्याकडे त्याचा एखादा अंक यायचा आणि इतक्या हातांतून फिरायचा की मुखपृष्ठ शिल्लक राहायचं नाही.

शिरीष कणेकर तिसरे. अर्धं मन सिनेमात, अर्धं क्रिकेटमध्ये. ‘क्रिकेटवेध’सारखं पुस्तक लिहिणारा हा माणूस ‘माझी फिल्लमबाजी’ घेऊन रंगमंचावर एकटा उभा राहिला, मग ‘फटकेबाजी’ घेऊन. संझगिरीही पुढे व्यासपीठावर रमले. लिहिता लिहिता हे लोक बोलायला का लागले असतील याचा मी पुष्कळ विचार केला आहे. मला वाटतं, स्तंभलेखकाला वाचकाचा चेहरा दिसत नाही ही त्याची मोठी उपासमार असते. खेळाडूला टाळी तिथल्या तिथे मिळते. याच्या वाक्यावर कुणी मेहकरच्या गाडीत खिडकीशी बसून हसलं, तर त्याला ते कधी कळणार?

जगात या घराण्याचा मूळपुरुष म्हणून नेव्हिल कार्डसचं नाव घेतलं जातं. मँचेस्टरच्या गरीब घरातला हा मुलगा. पहिलं महायुद्ध संपल्यानंतरच्या उन्हाळ्यात, आजारपणातून उठल्यावर मोकळी हवा मिळावी म्हणून त्याला ‘मँचेस्टर गार्डियन’ने क्रिकेटच्या मैदानावर पाठवलं आणि तिथून तो उठलाच नाही. क्रिकेट आणि संगीत, दोन्हींवर जन्मभर लिहीत राहिला. आमच्याकडच्या कणेकर-संझगिरींनी सिनेमा आणि क्रिकेट एका ताटात वाढलं, त्यामागे कार्डसची परंपरा होती की मुंबईची हवा, हे ठरवायची मला गरज वाटत नाही. खेळावर चांगलं लिहिणाऱ्याला खेळाबाहेरचं एक प्रेम लागतं, इतकं मात्र खरं. नुसतं मैदान पाहणाऱ्याला मैदानही पुरतं दिसत नाही.

आणि दिसणं म्हणजे तरी काय! १८ जून १९८३ला टनब्रिज वेल्सला कपिलदेवने झिंबाब्वेविरुद्ध नाबाद १७५ धावा केल्या. भारताची अवस्था ५ बाद १७ होती, तिथून ८ बाद २६६. त्या डावाचं चित्रीकरण नाही. विश्वचषकाच्या इतिहासातला एवढा मोठा डाव, आणि तो आज कुणाला पाहता येत नाही. तिथे जे होते त्यांच्या आठवणीत तो आहे आणि नंतर ज्यांनी लिहिलं त्यांच्या शब्दांत. भाऊसाहेब निंबाळकरांचे नाबाद ४४३ तर त्याहून मागचे, डिसेंबर १९४८, पुण्याच्या मैदानावरचे. ब्रॅडमनचा ४५२चा विक्रम नऊ धावांवर आला असताना काठेवाडच्या संघाने सामना सोडून दिला. आकडा सगळ्यांना माहीत आहे. पण दिवसभर क्षेत्ररक्षण करून पाय ओढणारा तो संघ, मधल्या विश्रांतीची वेळ, निंबाळकर पुन्हा बॅट घेऊन निघायला तयार आणि समोरचे आपलं सामान आवरताहेत, हे सगळं आपल्यापर्यंत शब्दांनी आणलं. कॅमेरा नव्हता तेव्हा शब्द होते, एवढंच मला म्हणायचं नाही. आज वीस कॅमेरे आहेत आणि तरीही सामान आवरणाऱ्या माणसाकडे बघायला कुणीतरी लागतोच.

खेळाडू स्वतः स्तंभ लिहितात तेही मी वाचतो. त्यांना आतलं माहीत असतं. चेंडू बोटांतून सुटताना काय वाटतं ते त्यांनीच सांगावं. पण माझी ओढ कायम न खेळलेल्या लेखकाकडे राहिली आहे. तो आमच्या बाजूचा. कुंपणाच्या अलीकडचा.

इथे मला आमच्या भागातली एक रात्र सांगायची आहे. तुरीची कामं उरकली की आमच्याकडे कबड्डीचे सामने होतात. शेत सपाट करायचं, पाणी मारून चोपायचं, फक्कीने रेषा आखायच्या, बांबूवर हॅलोजन चढवायचे. त्या वर्षी अंतिम सामना मध्यरात्रीनंतर सुरू झाला. थंडी मी म्हणत होती. एक चढाईपटू होता, दिवसा गाडीत कापूस भरायचं काम करणारा. केसांत कापसाचे पांढरे तंतू तसेच होते, धुवायला वेळ मिळाला नसावा. शेवटची चढाई, एका गुणाची पिछाडी. तो गेला, उजव्या कोपऱ्यातल्याला पाय लावला आणि वळताना घोट्यात सापडला. एकाने घोटा धरला, दुसरा कमरेवर पडला, तिसऱ्याने खांदा दाबला. तो पोटावर आडवा. तोंडातलं ‘कबड्डी कबड्डी’ चालू होतं, पण आता ते शब्द राहिले नव्हते, नुसता घरघरता दम होता. त्याने हात लांबवला. मधली रेषा चार बोटं दूर. मग तीन माणसांना अंगावर घेऊन तो कोपराने सरकला. मी त्या बाजूलाच बसलो होतो. मातीत त्याच्या कोपराने ओढलेली चरी मला दिसली. मधल्या बोटाचं टोक फक्कीला लागलं तेव्हा दम तुटला होता की नव्हता यावर पंचांभोवती पाऊण तास वाद झाला. गुण मिळाला. एकाहून जास्त गुण, खरं तर. तो उठला तेव्हा त्याच्या त्या एका बोटाला पांढरी फक्की होती आणि ते बोट तो पंचांना दाखवत होता. बोलायला श्वास नव्हता.

चार दिवसांनी पेपरात बातमी आली. कबड्डी सामने उत्साहात संपन्न. उद्‌घाटन कुणी केलं, अध्यक्षस्थानी कोण होते, प्रमुख पाहुणे कोण, बक्षिसं कुणाकडून, सूत्रसंचालन कुणाचं, आभार कुणाचे. विजेत्या संघाचं नाव शेवटच्या ओळीत होतं. चढाईपटूचं नाव नव्हतं. त्या वेळचा गावचा वार्ताहर ही बातमी हाताने लिहून, पाकिटात घालून एसटीने पाठवायचा. जागा किती मिळणार हे त्याच्या हाती नव्हतं आणि पाहुण्यांची नावं गाळली तर दुसऱ्या दिवशी त्याला गावात राहायचं होतं. त्याला दोष देऊन काही निघत नाही. पण त्या रात्री तिथे एक स्तंभलेखक हवा होता, हे मला आजही वाटतं. निकाल नको, पाहुणे नकोत. त्या बोटाबद्दल लिहिणारा कुणीतरी. कितीतरी गावांच्या कितीतरी रात्री अशा गेल्या. तिथे खेळ कमी प्रतीचा नव्हता. बघणारे होते, लिहिणारं कुणी नव्हतं.

विदर्भ रणजी स्पर्धेत १९५७-५८पासून खेळतोय. पहिला करंडक मिळाला तो १ जानेवारी २०१८ला, इंदूरमध्ये दिल्लीला हरवून. रजनीश गुरबानीची हॅटट्रिक त्याच सामन्यातली. गावात पेढे वाटले गेले. मला त्या दिवशी आधीच्या सहा दशकांत हरलेली माणसं आठवत राहिली. नोकऱ्या सांभाळून, रेल्वेच्या साध्या डब्यातून जाऊन, हरून परत आलेली. त्यांच्यावर कुणी सलग लिहिलं असतं तर तो करंडक आला त्या दिवशी त्यांनाही निमंत्रण गेलं असतं.

स्तंभलेखकाच्या कारकिर्दीला खेळाडूसारखा शेवटचा सामना नसतो. ज्याच्या पदार्पणावर लिहिलं त्याच्या निवृत्तीवर तो लिहितो, मग त्याच्या मुलाच्या पदार्पणावर. हळूहळू मृत्युलेख वाढतात. आपण तरुणपणी ज्यांच्यावर जीव टाकला ते एकेक जातात आणि प्रत्येक वेळी संपादकाचा फोन यालाच येतो, कारण त्यांना खेळताना पाहिलेला दुसरा कुणी ऑफिसात उरलेला नसतो. आणि एक दिवस याच्यावरच लिहायची वेळ येते. करमरकर ६ मार्च २०२३ला गेले. त्याच वर्षी २५ जुलैला कणेकर. ६ फेब्रुवारी २०२५ला संझगिरी. दोन वर्षांच्या आत तिघंही. खेळाचं पान त्यानंतरही रोज निघतं, पोरं ते रोज मागतात.

करमरकर गेल्यानंतर जवळजवळ दोन वर्षांनी, १९ जानेवारी २०२५ला दिल्लीत खो-खोच्या पहिल्या विश्वचषकाचे अंतिम सामने झाले. भारताच्या दोन्ही संघांनी ते जिंकले. महिला संघाची कर्णधार प्रियंका इंगळे, पुरुष संघाचा प्रतीक वाईकर, दोघंही महाराष्ट्राचे. मी त्या दिवशी सारखा मनातल्या मनात विचारत होतो, करमरकरांनी यावर काय लिहिलं असतं? आनंद झाला असता यात शंका नाही. पण दुसऱ्या परिच्छेदापासून त्यांनी विचारलं असतं की या मुलींना नोकऱ्या कुठे आहेत, जिल्ह्याजिल्ह्यातली मैदानं कुणी खाल्ली, आणि पुढच्या वर्षी हे सगळं कुणाच्या लक्षात राहणार.

आमच्या जिल्ह्यापुरतं बोलायचं तर बुलढाण्याच्या प्रथमेश जावकरने मे २०२३मध्ये शांघायच्या विश्वचषक स्पर्धेत कंपाउंड धनुर्विद्येचं सुवर्ण जिंकलं. समोर माइक श्लोएसर, तेव्हाचा जगातला अव्वल क्रमांकाचा तिरंदाज. १४९ विरुद्ध १४८. पन्नास मीटरवरून पंधरा बाण, प्रत्येकाला जास्तीत जास्त दहा गुण. म्हणजे प्रथमेशचा पंधरांपैकी एकच बाण दहाच्या वर्तुळाबाहेर नवावर गेला. तो बाण सुटल्यावर पुढचा बाण दोरीला लावताना एकोणीस वर्षांच्या पोराचा हात कसा होता, श्वास कुठे अडला होता, समोरच्याकडे त्याने पाहिलं की नाही? निकालाच्या चार ओळींत हे मावत नाही. पुढे त्याच वर्षी तो आशियाई स्पर्धेत सुवर्ण जिंकणाऱ्या भारतीय संघातही होता. जिल्ह्यात सत्कार झाले, फलक लागले.

गावातली एक कॉलेजात जाणारी मुलगी हल्ली मला मोबाइलवर खो-खोच्या सामन्यांवर लिहून पाठवते. शाळेत असताना ती स्वतः खेळायची. तिच्या पहिल्या मजकुरात पाहुण्यांची नावं होती. ती मी काढायला सांगितली नव्हती, तिनेच पुढच्या वेळी काढली. परवाचा मजकूर तालुक्याच्या सामन्यांवर होता. त्यात विजेता संघ तिसऱ्या परिच्छेदात येतो. सुरुवात होते ती पहिल्या तुकडीत उतरून काही क्षणांतच बाद झालेल्या मुलीपासून. ती बाहेर आली, मैदानाला पाठ करून बसली आणि उरलेला सगळा सामना तिने फक्त आवाजावरून ऐकला, असं लिहिलं आहे. मी तिला उलट विचारलं, मग संघ जिंकला तेव्हा ती मुलगी वळली का? मैदानात धावली का? आत्ता उत्तर आलं आहे, तिचं गाव जवळच आहे, उद्या जाऊन विचारते.